आप्पांच्या पिक्चरमध्ये कुणी मरत नसे

"ताई, एक पोरगी मेलीय. उठवायची हाय."

आप्पांनी आमच्या खोलीचं दार पहिल्यांदा वाजवलं ते हे सांगायला. रविवारची दुपार होती. मी केसांना तेल लावून बसले होते. सुनंदा, माझी खोलीतली जोडीदारीण, धुतलेल्या कपड्यांची बादली घेऊन नेमकी दारातच होती. बादली तिच्या हातून सुटली आणि सगळे कपडे आप्पांच्या पायावर पडले. आप्पांनी ते शांतपणे उचलून बादलीत टाकले आणि मला म्हणाले, लवकर चला, तिला चितेवर ठेवायच्या आत काम झालं पाहिजे.

आप्पा आमचे घरमालक. कारेगावात राहणारे, थोडी जिरायती जमीन असलेले, पांढरी टोपी आणि निळी चप्पल घालणारे, दिसायला अगदी साधे. रांजणगावला कारखाने उभे राहिले तशी गावात भाड्याच्या खोल्यांची चाळीमागून चाळ उठली. पण कंपनीत कामाला आलेल्या आम्हा मुलींना कुणी खोली देत नव्हतं. पोरी म्हणजे भानगड, असं सरळ तोंडावर सांगत. आप्पांनी दिली. भानगडीचं विचारल्यावर म्हणाले होते, "व्हऊ द्या की. कुनाची तरी नीट व्हईल."

त्या उत्तराचा अर्थ मला त्या रविवारी कळला.

आप्पांकडे गावची केबल होती. घराच्या मागच्या कोठीत, ज्वारीच्या कणगीला टेकून दोन व्हीसीआर, एक टीव्ही, गणपती मंडळाचा माईक आणि वायरींचं जाळं होतं. गच्चीवर मोठी छत्री. तिथून निघालेली वायर कडुलिंबावरून, शाळेच्या पत्र्यावरून, शंकराच्या देवळाच्या कळसाला मान देऊन बाजूनं वळत घराघरात गेली होती. बाकीचे चॅनेल आभाळातून येत, पण एक चॅनेल आप्पांचं स्वतःचं होतं. त्यावर रविवारी दुपारी आणि अधूनमधून संध्याकाळी ते पिक्चर लावत. पिक्चर प्रेमाचाच. मारामारीचा लावला तर पोरं कणगी फोडतात, असं त्यांचं म्हणणं.

मी कोठीत गेले तेव्हा पडद्यावर एक नायिका बर्फासारखी पांढरी पडून आडवी होती आणि नायक तिच्या उशाशी रडत होता. आप्पांनी मला माईकपुढं बसवलं. काम सोपं होतं. ते खूण करतील तेव्हा मी म्हणायचं, "मला काही झालेलं नाही. सकाळपासून उपाशी होते, चक्कर आली."

मी म्हणाले, "आप्पा, तिनं विष घेतलंय. आत्ताच दाखवलं."

"जुनं व्हतं ते," आप्पा म्हणाले. "लागत न्हाई."

त्यांनी खूण केली, मी बोलले. त्याच क्षणी त्यांनी एक बटण फिरवलं. नायिका, नायक, त्याचं रडणं सगळं नाहीसं झालं आणि पडद्यावर दुसऱ्या व्हीसीआरमधलं लग्न सुरू झालं. आप्पा पूर्वी लग्नांचं शूटिंग करत. मोठा कॅमेरा खांद्यावर घेऊन त्यांनी पंचक्रोशीतली लग्नं काढली होती. त्यातलं हे त्यांच्या पुतणीचं. नवरा-नवरीच्या तोंडावर मुंडावळ्या इतक्या की आत कुणीही असू शकलं असतं. मंगलाष्टका झाल्या, अक्षता पडल्या, एक जाडे मामा जिलेबी खाताना दिसले. आणि वरून माईकवर आप्पांचा आवाज: "तर अशा रीतीनं दोघांचं लग्न झालं. पोरीच्या वडलांचा राग गेला. मुलगा कंपनीत लागला. पर्मनंट."

'पर्मनंट' म्हणताना ते थोडं थांबत. कारेगावात त्या काळी निम्मी माणसं कंत्राटावर होती. त्या शब्दाला घराघरात जो सुस्कारा उठे तो कुठल्या प्रेमगीताला उठला नसेल.

दुसऱ्या दिवशी कंपनीच्या कॅन्टीनमध्ये वेल्डिंगचा एक माणूस ताट घेऊन माझ्यापाशी आला आणि चक्कर कशी आहे म्हणून विचारून गेला. सगळ्यांनी आवाज ओळखला होता. मग मी कायमचीच नायिका झाले. मी विहिरीतून वर आले, रेल्वेखालून सुखरूप निघाले, एकदा तर गोळी लागूनही "खरचटलंय" म्हणाले. सुनंदाला आप्पांनी सासूची कामं दिली. तिचा आवाज जरा जाड होता आणि "ये पोरी, घर तुझंच आहे" हे वाक्य ती असं काही म्हणायची की मला भीती वाटायची.

पिक्चर चालू असताना आप्पा गप्प बसत असंही नाही. बर्फात नाचणाऱ्या नायिकेला पाहून ते कळवळत. पोरगी गारठंल, हिच्या आईनं स्वेटर दिलं न्हाई का, असं माईकवर विचारत. नायक गाणं म्हणू लागला की त्यांचा पहिला प्रश्न, हा कामाला कुठं जातो? पिक्चरभर त्याचं उत्तर मिळालं नाही की ते अस्वस्थ होत आणि शेवटी त्याला कंपनीत लावत. एका श्रीमंत नायकाला, बंगला-गाडी असलेल्या, त्यांनी दुसऱ्या पाळीला लावलं होतं. बंगला बापाचा हाय, म्हणाले.

खोल्यांमध्ये राहणारे उत्तरेकडचे कामगार एकदा तक्रार घेऊन आले. अप्पा, पिक्चर पूरा दिखाओ. आप्पांनी त्यांना चहा पाजला आणि आपल्या हिंदीत समजावलं, "पूरा ही हैं. उसके आगे रस्ता खराब हैं."

पुढे सासू-सुनांच्या मालिका आल्या. त्या आभाळातून थेट येत, त्यांच्यात आप्पांना हात घालता येईना. पण सून घराबाहेर काढली जायची वेळ आली की आमच्या गावची केबल जायची. बायका दारात येऊन विचारायच्या, आप्पा, काय झालं? आप्पा कोठीतूनच सांगायचे, वायर उंदरानं खाल्ली. तो उंदीर फार समजूतदार होता. सून परत घरात आली की केबलही यायची.

एका दिवाळीला सुनंदा गावी गेली आणि परत आली ती डोळे सुजवून. मला वाटलं घरी काही झालं. झालं होतं ते इतकंच, की मामाच्या घरी तिनं आमच्याच एका पिक्चरचा खरा शेवट पाहिला. "ते दोघं मेले गं," ती म्हणाली. "हातात हात घेऊन मेले." तिला मेल्याचं दुःख होतं आणि त्याहून जास्त राग होता. आम्ही दोघी तरातरा आप्पांकडे गेलो. सुनंदा म्हणाली, तुम्ही आम्हाला फसवलं. आप्पा वायर सोलत बसले होते. त्यांनी वर न बघता विचारलं, "त्या दिवशी जेवलीस का?"

"नाही," सुनंदा म्हणाली. "कसं जाणार?"

"आमच्यात जेवायचीस का न्हाई?"

आप्पा पुन्हा वायर सोलू लागले.

आप्पांची बायको, आम्ही त्यांना आक्का म्हणत असू, कधीच पिक्चर बघत नसत. गावाला पिक्चर दाखवणाऱ्याच्या घरात त्या एकट्या न बघणाऱ्या. पिक्चर चालू असताना त्या चुलीपुढे असत, आणि तिथून कोठीच्या भिंतीतून विचारत, "कुठवर आलं?" आप्पा भिंतीतूनच सांगत, "भेटले." थोड्या वेळानं पुन्हा, "आता?" "बापानं बघितलं." मग भाकरी थापायचा आवाज थांबे. आप्पांनी माईकवर अक्षता टाकल्या की तो आवाज पुन्हा सुरू होई. मी हे कितीतरी वेळा ऐकलं होतं आणि मला वाटायचं, ही त्या दोघांची गंमत आहे.

आणि मग वैशाली पळून गेली.

वैशाली नानांची मुलगी. नाना म्हणजे गावातलं मोठं घर, ऊस, ट्रॅक्टर, एकदा सरपंच होऊन गेलेले, कमी बोलणारे. वैशाली शिरूरला कॉलेजात जायची. दत्ता त्याच सहाआसनी रिक्षात बसायचा. आयटीआय केलेला, कंपनीत कंत्राटावर, सरळ पोरगा. त्याच्या आज्यापर्यंत घरातली माणसं मेंढरं घेऊन वर्षातला निम्मा काळ रानोमाळ असत. आता त्यांनी जमीन केली होती, घर बांधलं होतं, पण नानांच्या घरच्यांच्या बोलण्यात ते अजून मेंढरंवालेच होते. रिक्षात दोघांत काय बोलणं झालं कुणास ठाऊक. एका सकाळी दोघं नाहीत. संध्याकाळी गावातल्या टेलिफोन बूथवर वैशालीचा दौंडहून फोन आला. आईला बोलावून घेतलं. आम्ही देवळात लग्न केलंय, काळजी करू नका, म्हणाली. आणि फोन ठेवता ठेवता म्हणाली, "आप्पांच्या पिक्चरसारखं सगळं नीट होणार आहे बघ."

बूथवाल्यानं ते ऐकलं. म्हणजे गावानं ऐकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी माणसं आप्पांच्या अंगणात जमली. मी कामावर निघाले होते, ती दारातच थांबले. नाना पुढे होते. ते ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "आप्पा, पिक्चर काढणारी मानसं काय येडी न्हाईत. पळून गेलं की मरतं, हे ती दावतात ते पोरांनी भ्यावं म्हनून. तुमी ते कापलं. माझ्या पोरीला तुमी खोटं दावलं."

मागून कुणी म्हणालं केबल तोडा. कुणी म्हणालं त्या दत्ताच्या बापाला बोलवा. आप्पा टोपी हातात घेऊन उभे होते. माईकशिवाय मी त्यांना पहिल्यांदाच इतक्या लोकांपुढं बघत होते. त्यांचं तोंड उघडत होतं आणि मिटत होतं. मला दिसत होतं की नानांचं म्हणणं त्यांना पटू लागलं होतं.

तेवढ्यात आक्का बाहेर आल्या. हाताला पीठ, डोक्यावर पदर. चारचौघांत त्यांना बोलताना मी कधी पाहिलं नव्हतं, गावानंही नसावं.

"नाना," त्या म्हणाल्या, "माझी धाकटी बहीन हिरीत गेली. तुमास्नी ठाव हाय, सगळ्यास्नी ठाव हाय. तिनं कुठला पिक्चर बघितला व्हता? तवा गावात लाईट बी नव्हती."

त्यांनी हाताचं पीठ पदराला पुसलं.

"तिला बी कुनाकडं तरी जायचं व्हतं. तिचा फोन न्हाई आला," आक्का म्हणाल्या. "तुमचीचा आलाय."

आणि त्या आत गेल्या. थोड्या वेळानं आतून भाकरी थापल्याचा आवाज यायला लागला.

नाना वळून चालू लागले. त्यांच्यामागून एकेक करून सगळे गेले. केबल तोडायची कुणाला आठवण राहिली नाही. आप्पा माझ्याकडे बघून म्हणाले, "ताई, रविवारी दौंडला जायचं. तुमी बी चला. उठवायला तुमी व्हता."

शिरूरहून दौंडची एसटी. आप्पांनी खिडकी धरली होती आणि मांडीवर आक्कांनी बांधून दिलेलं गाठोडं होतं, चटणी, लोणचं, शेंगदाण्याचं कूट. इनामगावच्या बाजूनं घोड नदी दिसायला लागली तेव्हा ते म्हणाले, "हितं सायबांनी उकरून जुनी घरं काढली. लई जुनी. चुली घावल्या, रांजन घावले. पन त्या चुलीपुढं बसून नवरा-बायकू काय बोलत व्हते, ते काय घावलं न्हाई." आणि पुन्हा खिडकीबाहेर बघू लागले.

दौंडला रेल्वे लाईनच्या कडेला एक खोली होती. गाडी गेली की भांडी वाजायची. दत्ता काम शोधायला बाहेर गेला होता. वैशाली आम्हाला बघून हसेल, रडेल, पाया पडेल असं मला वाटलं होतं. तिनं यातलं काही केलं नाही. तिनं आप्पांना स्टोव्ह दाखवला. हा पेटत नाही. नळाला पाणी पहाटे येतं. दत्ता घोरतो. माझ्या भाकरीला तो हसला. मी त्याच्याशी कालपासून बोलत नाही. हे सगळं तिनं एखाद्या दुकानदाराला बिघडलेली वस्तू परत करावी तसं सांगितलं. आणि शेवटी म्हणाली, "आप्पा, तुम्ही दर वेळी लग्नावर थांबवायचा. पुढचं का नाही दाखवलंत?"

आप्पा म्हणाले, "पुढची कॅसेटच कुनी काढली न्हाई, पोरी."

पण हे त्यांना लागलं. खाली बसून त्यांनी स्टोव्हची पिन काढली, साफ केली, पेटवून दाखवला. दत्ता आला तेव्हा त्याला घेऊन गल्लीच्या टोकाला गेले. तिथं त्या दोघांत काय बोलणं झालं ते आप्पांनी मला येताना सांगितलं. त्यांनी दत्ताला एवढंच विचारलं होतं, की तू भाकरीला हसलास, तर तुला येते का? दत्ता नाही म्हणाला. मग शिक, म्हणाले. हसायचा हक्क मिळंल.

पुढच्या काही महिन्यांत कारेगावात केबल बघणाऱ्यांचे फार हाल झाले. आप्पांनी आता लग्नावर थांबणं सोडलं. अक्षता पडल्यावर जाडे मामा जिलेबी खाऊन जात आणि मग माईकवर पुढचं सुरू होई. मुलानं पहाटे उठून पाणी भरावं. मुलीनं कॉलेज सोडू नये. एकमेकांच्या भाकरीला हसू नये. घोरत असल्यास कुशीवर झोपावं. सासूनं आठवड्यातून एकदा तरी गप्प बसावं. मला आणि सुनंदाला नवरा-बायकोची भांडणं करावी लागत. मी नायिका, ती आवाज अजून जाड करून नायक. एकदा रॉकेल आणायला कोण जाणार यावरून आम्ही इतकं भांडलो की समोरच्या चाळीतल्या एक बाई समजूत घालायला कोठीपर्यंत आल्या. शेवट पिक्चरपेक्षा लांब होऊ लागला. लोक घड्याळाकडं बघत, उठावं तर पुढं काय होतं ते कळायला पाहिजे. शेवटी वेल्डिंगवाला माझ्या मार्फत निरोप पाठवता झाला, "आप्पांना म्हणावं, हवं तर मरू द्या त्यांना, पण आम्हाला जेवायला सोडा."

आप्पा काही कुणाला सोडत नव्हते. अनेक वर्षांनी मोठ्या कंपनीची केबल आली, टीव्हीखाली डबे आले, प्रत्येकाच्या हातात रिमोट आला, आणि आप्पांचं चॅनेल आपोआप बंद पडलं. तेव्हा मी पुण्याला बदलून गेले होते. मला भेटल्यावर ते म्हणाले की आता लोक मेलेलं बघतात आणि जेवतात बी. हे त्यांना फारच विचित्र वाटत होतं. पण हे पुढचं. तेव्हा मात्र ते ऐन भरात होते, आणि एक माणूस काही त्यांचं ऐकत नव्हता. नानांच्या घरची वायर त्या दिवशीपासून काढलेली होती.

आक्का दर पंधरवड्याला दौंडला जाऊन येत. आल्यावर नानांच्या दारावरून मुद्दाम हळू चालत. वैशालीची आई विहिरीवर, गिरणीत, कुठंतरी भेटे आणि विचारे. मग ते नानांच्या कानावर जाई का, हे कुणाला माहीत नव्हतं. दत्ता भांडगावच्या बाजूला एका कारखान्यात लागला होता. पर्मनंट नव्हे. वैशालीनं बी. ए.चा फॉर्म बाहेरून भरला होता.

एका रविवारी सकाळी नाना आप्पांच्या अंगणात आले. तो दिवस झाल्यापासून ते पहिल्यांदाच आले होते. ते बसले नाहीत. म्हणाले, दौंडच्या बाजारात एक बैलजोडी बघायची आहे. आप्पांना बैलातलं कळतं, तर सोबत आले तर बरं.

आप्पांना बैलातलं काही म्हणजे काही कळत नव्हतं. त्यांच्याकडं कधी बैल नव्हताच. नानांकडंही ट्रॅक्टर आल्यापासून नव्हता. आप्पा गंभीरपणे म्हणाले, "चला की. शिंगं बघितली पायजेत." आणि मला खूण केली. मी का बरोबर, हे नानांनी विचारलं नाही. मीही पर्स घेऊन बैल बघायला निघाले.

एसटीत तिघांपैकी कुणी बैलाचं नाव काढलं नाही. दौंडच्या स्टँडवर उतरल्यावर नाना बाजाराकडं न वळता उभेच राहिले. आप्पा पुढं झाले, रेल्वे लाईनच्या दिशेनं चालू लागले. नाना मागून आले.

खोलीचं दार उघडं होतं. वैशाली घरात नव्हती, शेजारच्या गल्लीत मुलांच्या शिकवण्या घ्यायला गेली होती. दत्ता एकटा, उकिडवा बसून भाकऱ्या करत होता. दोन्ही हात कोपरापर्यंत पिठात. त्यानं मान वर केली आणि दारात नाना. तो उठला. हात जोडायला गेला तर हातात ओला गोळा. गोळा खाली ठेवावा तर परात लांब. तो तसाच उभा राहिला आणि गोळा हळूहळू लोंबायला लागला.

आप्पा माझ्याकडं बघत होते. एरवी अशा जागी ते बटण फिरवत. आज त्यांनी दोन्ही हात पाठीमागं बांधून धरले.

नानांनी चपला काढल्या. आत येऊन भिंतीला टेकून बसले. "तव्यावरली करपतीय," ते म्हणाले.

दत्तानं भाकरी उलटली. ती गोल नव्हती, कुठल्याच आकाराची नव्हती. एका बाजूला जाड, दुसऱ्या बाजूला फाटलेली. दुसरं काही घरात नव्हतं म्हणून त्यानं आक्कांनी दिलेली चटणी तिच्याबरोबर ताटलीत घातली आणि नानांपुढं ठेवली. ठेवून भिंतीशी उभा राहिला. एक गाडी गेली, भांडी वाजली, थांबली.

नाना खाऊ लागले. जाड बाजू आधी खाल्ली, मग फाटलेली. काठाचा करपलेला तुकडासुद्धा बाजूला ठेवला नाही. खाताना त्यांची नजर खोलीभर फिरत होती. खिळ्याला अडकवलेला वैशालीचा कॉलेजचा जुना ड्रेस, खिडकीत पुस्तकं, कोपऱ्यात भरून ठेवलेल्या पाण्याच्या कळश्या. ताटली रिकामी झाली. त्यांनी ती पुढं केली.

"आनखी हाय का?"

दत्ता इतक्या घाईनं खाली बसला की त्याचा गुडघा परातीला लागला. आप्पा बाहेर गेले. मीही गेले. आप्पा टोपी काढून रेल्वे लाईनीकडं तोंड करून उभे होते आणि टोपीनं तोंड पुसत होते. फार ऊन होतं, असं ते म्हणाले.

वैशाली गल्लीच्या टोकाकडून येताना दिसली. तिनं आम्हाला पाहिलं, मग दारातल्या चपला पाहिल्या, आणि तिथंच थांबली. चपला तिनं लांबूनच ओळखल्या. मी तिला बोलवायला पुढं निघाले तर आप्पांनी मला हातानं अडवलं. ती स्वतःच आली. आत गेली. मग नानांचा आवाज, "पेपर कवा हायत?" आणि तिचा, "मार्चात." मग नाना म्हणाले, "इंग्रजीत कच्ची हायस तू. त्यो पेपर बघ आधी." त्यानंतर वैशाली रडली, आणि तेव्हा आप्पा मला म्हणाले की चला ताई, आपन जरा बैल बघून येऊ.

आम्ही खरंच बाजारात जाऊन बैल बघून आलो. आप्पांनी दोनचार बैलांची शिंगं हातानं चाचपली.

परतीच्या एसटीत नाना खिडकीशी, आप्पा मध्ये आणि मी कडेला. आप्पांना नानांना काहीतरी विचारायचं होतं. ते दर थोड्या वेळानं तोंड त्यांच्याकडं वळवत आणि मग समोर बघत. मला मनातून वाटत होतं की आता नाना राग गेल्याचं सांगतील, निदान एखादं वाक्य तरी. नाना बाहेरचा ऊस बघत होते. घोड नदी येऊन गेली. शिरूर जवळ आलं, माणसं पिशव्या आवरू लागली.

"तवा पातळ हाय त्यांचा," नाना म्हणाले.

आप्पा म्हणाले, "व्हय?"

"पातळ हाय. त्याच्यावर कुनाची बी करपंल." नाना उठून उभे राहिले, वरच्या दांडीला धरलं, आणि गाडी थांबायच्या आत म्हणाले, "पुढच्या बारीला जाताना बिडाचा नेऊ."